वी यूवर गेमक्यूब: डिस्क नाही, एसडी कार्ड

ऐरोलीच्या एका मित्राने विचारलंय, निंटेंडोच्या वी यू या गेम कन्सोलमध्ये त्यांच्याच जुन्या गेमक्यूबची छोटी डिस्क चालेल का. नाही चालणार, ड्राइव्ह ती वाचतच नाही. पण त्यातल्या वी मोडमध्ये (आधीच्या वी कन्सोलचे गेम चालवणारा भाग) होमब्रू चॅनल, म्हणजे अनधिकृत प्रोग्राम चालवणारं ॲप, टाकून निंटेनडोन्ट हा प्रोग्राम चालवा. हा एम्युलेटर, म्हणजे दुसऱ्या मशीनची पूर्ण नक्कल करणारा प्रोग्राम, नाही बरं का! वी यूचा प्रोसेसर गेमक्यूबच्याच घराण्यातला, त्यामुळे गेमचा कोड थेट चिपवर चालतो. निंटेनडोन्ट फक्त डिस्क, मेमरी कार्ड आणि कंट्रोलरचं सोंग घेतं. म्हणून २००१च्या मशीनचे गेम २०१२च्या मशीनवर सहसा अडखळत नाहीत.

गेमच्या कॉपी हार्डडिस्कवर ठेवायच्या तर ती एफएटी३२ फॉरमॅटची ठेवलेली बरी, आणि एका यूएसबी पोर्टातून करंट पुरत नाही म्हणून दोन पोर्टांना जोडणारी वाय केबल. एवढा खटाटोप कशाला? एक गेम दीड जीबीच्या आत बसतो, ३२ जीबीच्या एसडी कार्डात वीसेक सहज मावतात.

कॉपी मात्र स्वतःच्या डिस्कवरूनच काढा. त्यासाठी गेमक्यूबची डिस्क वाचणारा जुना वी लागतो, त्यावर क्लीनरिप हा डिस्कची कॉपी काढणारा प्रोग्राम टाकला की काम होतं. माझ्याकडे ठाण्याला नौपाड्यात तसा वी आहे. रविवारी ट्रान्स-हार्बर लोकल रिकामी असते, डिस्क घेऊन या. येताना कॉपी घ्यायला पेन ड्राइव्ह विसरू नका.