चौल-रेवदंडा: गाईडबरोबरची एका दिवसाची सहल पुरेशी आहे का?

नारळीपौर्णिमा

अलिबागच्या दक्षिणेला सुमारे सतरा किलोमीटरवर असलेले रेवदंडा आणि त्याला लागूनच असलेले चौल पाहण्यासाठी, मुंबई-पुण्याहून सकाळी निघून रात्री परतणाऱ्या आणि इतिहासाचा जाणकार सोबत असणाऱ्या सहली हल्ली बऱ्याच निघतात. अशा सहलींना नाके मुरडणारे पुष्कळ भेटतात. त्यांचे म्हणणे असे की दोन हजार वर्षांचे बंदर पाच-सहा तासांत उरकणे म्हणजे त्याचा अपमान आहे, आणि जायचेच असेल तर माणसाने एकटे जावे, मुक्काम करावा, हवे तसे भटकावे. मला हे पटत नाही. इतर स्थळांचे काहीही असो, चौल गाईडशिवाय दिसतच नाही, आणि चांगला गाईड असेल तर एक दिवस पुरतो, असे माझे मत आहे.

कारण साधे आहे. रायगडावर गेलात तर गड समोर उभा असतो. चौलमध्ये काहीच समोर नसते. रेवदंड्याचे आजचे गाव आगरकोटाच्या पोर्तुगीज तटाच्या आतच वसलेले आहे, आणि चर्चच्या भिंती खाजगी वाड्यांमध्ये, नारळी-पोफळींच्या मागे दडलेल्या आहेत. सातखणी मनोरा तेवढा दुरून दिसतो. त्याच्या नावात सात खण असले तरी आज तेवढे उरलेले नाहीत. चौलकडे रामेश्वराचे मंदिर आणि पुष्करिणी एकीकडे, हमामखान्याचे, म्हणजे जुन्या स्नानगृहाचे, अवशेष दुसरीकडे, हिंगळजेचे देऊळ आणि लेणी डोंगरावर. या सगळ्यांना जोडणारा धागा जमिनीवर कुठेही दिसत नाही. कान्हेरीच्या शिलालेखांतले चेमुल, ग्रीक लेखकांचे सेमुल्ल, अरबांचे सैमूर आणि पोर्तुगीजांचे शाऊल हे एकच गाव आहे, हे मनोऱ्याखाली उभ्या असलेल्या एकट्या प्रवाशाला कोण सांगणार? सरकारी निळा फलक तर फक्त दंडाची रक्कम सांगतो.

विरोधी मते असतील तर ती कारणांसह मांडावीत, एवढी विनंती.

खाडीपलीकडे

कारणांसह विरोध करतो. माझी हरकत तासांच्या संख्येला नाही, त्या तासांत जी गोष्ट सांगितली जाते तिला आहे. अशा सहलींच्या जाहिरातीत चौल हे नेहमी ‘सर्व धर्मांचे लोक गुण्यागोविंदाने नांदले ते बंदर’ असते. गाईडकडे वेळ कमी, समोरचे श्रोते सुटीच्या मनःस्थितीत, त्यामुळे हिंदू, मुसलमान, बेने इस्रायल (कोकणातले ज्यू) आणि ख्रिस्ती अशी चार नावे घेतली जातात, चार ठिकाणी छायाचित्रे काढली जातात आणि मंडळी जेवायला बसतात.

वस्तुस्थिती इतकी गोड नव्हती. १५०८ मध्ये याच खाडीत इजिप्तच्या मामलुक सुलतानांच्या आणि गुजरातच्या सुलतानाचा दीवचा सुभेदार मलिक अयाझ याच्या आरमारांनी पोर्तुगीजांचा पराभव केला, आणि त्या लढाईत त्यांच्या व्हाइसरॉयचा मुलगा लोरेन्सो द आल्मेदा मारला गेला. पुढे समुद्रावर पोर्तुगीजांचेच राज्य झाल्यावर प्रत्येक व्यापारी जहाजाला त्यांचा परवाना, म्हणजे कार्ताझ, घ्यावा लागे, आणि तो नसेल तर माल आणि जहाज दोन्ही जप्त होई. १५७०-७१ मध्ये अहमदनगरच्या मुर्तजा निजामशाहाने रेवदंड्याला कित्येक महिने वेढा घातला होता. १५९४ मध्ये समोरच्या कोर्लईच्या टेकडीवर पुन्हा मोठी कत्तल झाली.

रशियाच्या त्वेर शहरातून आलेल्या अफनासी निकितीनचे उदाहरण घ्या. रेवदंड्यात एका शाळेच्या आवारात त्याचे स्मारक आहे आणि प्रत्येक सहल तिथे थांबते. पंधराव्या शतकाच्या उत्तरार्धात तो घोडा घेऊन चौलला उतरला, इथल्या लोकांचे कपडे आणि खाणेपिणे त्याने लिहून ठेवले, एवढे सांगितले जाते. पण तोच निकितीन पुढे जुन्नरला पोहोचल्यावर तिथल्या असदखानाने त्याचा घोडा काढून घेतला आणि धर्म बदललास तर घोडाही मिळेल आणि वर हजार मोहराही, असे सांगितले. खुरासानच्या एका ख्वाजाने रदबदली केली म्हणून तो सुटला. हा भाग स्मारकापाशी का ऐकू येत नाही? सहलीचा सूर बिघडतो म्हणून.

पोफळीची सावली

मी रेवदंड्याचा. आमची वाडी तटाला लागून आहे आणि आमच्याकडे एक पडकी भिंत आहे, जी बघायला लोक येतात. वरच्या दोघांची चर्चा अभ्यासपूर्ण आहे, परंतु एक गोष्ट कोणी विचारात घेतलेली नाही: हे अवशेष ज्या जमिनीवर आहेत ती लोकांच्या पोटापाण्याची जमीन आहे. अंगणात सुपारी वाळत घातलेली असते, पाटाने पाणी सोडलेले असते, आणि अशा वेळी चाळीस माणसे एकदम फाटक उघडून आत येतात. विचारून आलेल्यांना आम्ही कधी नाही म्हटलेले नाही, शहाळेही देतो. पण गळ्यात ध्वनिवर्धक अडकवून आमच्याच अंगणात आमच्याकडे पाठ करून बोलणाऱ्या माणसाला काय म्हणावे?

दुसरे असे की या गाड्या येतात मांडव्याच्या धक्क्याहून, जेवतात अलिबागला आणि परततात त्याच वाटेने. रेवदंड्यात पैसा पडतो तो पाण्याच्या बाटल्यांचा. मुक्कामाला येणारा माणूस निदान घरगुती खानावळीत दोन वेळ जेवतो. त्यामुळे गाईड हवा की नको यापेक्षा तो गावातला असावा की बाहेरचा, हा प्रश्न मला महत्त्वाचा वाटतो.

नारळीपौर्णिमा

खाडीपलीकडे यांचा मुद्दा खरा आहे, पण तो एकदिवसीय सहलीविरुद्धचा मुद्दा नाही, वाईट गाईडविरुद्धचा आहे. मुक्कामाने गोड गोष्टीचे खऱ्या गोष्टीत रूपांतर कसे होणार, हे त्यांनी सांगितलेले नाही. माझ्या पाहण्यातले मुक्कामवाले संध्याकाळी नागावच्या किंवा काशिदच्या किनाऱ्यावर असतात आणि चौल त्यांच्या वाटेवरचे एक वळण असते.

उलट, गुण्यागोविंदाच्या कल्पनेला छेद देणारी सगळ्यात चांगली हकिगत पाच मिनिटांत सांगता येते. दहाव्या शतकाच्या आरंभी अरब प्रवासी अल-मसूदी इथे आला तेव्हा शिलाहार राजा झंझ राज्य करत होता. मसूदी लिहितो की गावात सुमारे दहा हजार मुसलमान राहत होते. त्यांत सिराफ, ओमान, बसरा आणि बगदादहून आलेले होते, तसेच इथेच जन्मलेलेही होते, आणि त्यांच्यापैकीच एका प्रतिष्ठिताला राजाने त्यांचा प्रमुख नेमले होते. म्हणजे हे लोक एकमेकांत मिसळून गेले होते असेही नाही आणि एकमेकांच्या जिवावर उठले होते असेही नाही. परक्या व्यापाऱ्यांनी यावे, जकात द्यावी आणि आपले तंटे आपल्या रीतीने सोडवावेत, अशी ती व्यवस्था होती. पोर्तुगीजांच्या काळात तर चौल दोन झाली: वरचे चौल निजामशाहीचे आणि खालचे, तटाच्या आतले, पोर्तुगीजांचे. लढाईच्या काळात वेढा, एरवी व्यापार. सातखणी मनोऱ्यापासून रामेश्वरापर्यंत जाताना ही सीमा ओलांडली जाते, आणि ती कुठे ओलांडली हे दाखवायला मुक्काम लागत नाही, माहीतगार लागतो.

गाईड गावातला असावा, हे मला पूर्णपणे मान्य आहे.

चर्चबेलच्या घंटा

मी खाडीच्या दक्षिणेला राहते आणि मला या सहलींच्या वेळापत्रकाबद्दल बोलायचे आहे, कारण खरा घोटाळा तिथे आहे. सहली निघतात शनिवारी आणि रविवारी. रेवदंड्याचे बेथ एल सिनेगॉग १८४२ सालचे आहे. बेने इस्रायलांना आपल्याकडे ‘शनिवार तेली’ म्हणत, कारण घाण्यावर तेल काढण्याचा धंदा करणारे हे लोक शनिवारी घाणा बंद ठेवत. सहलीत ही हकिगत मोठ्या कौतुकाने सांगितली जाते, आणि सांगितली जाते ती नेमकी शनिवारी, सिनेगॉगच्या दारात, कॅमेरे काढून! ज्या दिवशी त्या समाजाने शतकानुशतके काम थांबवले, त्याच दिवशी त्यांच्या प्रार्थनास्थळाला प्रेक्षणीय स्थळ करायचे, यातली विसंगती एकाही आयोजकाच्या ध्यानात येऊ नये याचे नवल वाटते. १९४८ नंतर बहुतेक कुटुंबे इस्रायलला गेली, मागे थोडी उरली. म्हणून त्यांना कोणी विचारत नाही, एवढेच.

रविवारी सकाळी हीच गाडी पूल ओलांडून कोर्लईला येते. इथल्या ख्रिस्ती वस्तीत पोर्तुगीज आणि मराठी यांच्या संगमातून तयार झालेली एक बोली अजून घरात बोलली जाते. बोलणारे हजाराच्याही आत आहेत. १७४० मध्ये चौल मराठ्यांच्या हाती आले आणि पोर्तुगीज निघून गेले, पण त्यांच्या मागे राहिलेल्या कुटुंबांनी ही बोली पोटच्या पोरासारखी सांभाळली. भाषाशास्त्रज्ञ येतात, घरात बसतात, शिकतात, त्याला कोणाची हरकत नसते. सहलीतली मंडळी मात्र मिस्सा, म्हणजे चर्चमधली प्रार्थना, आटोपून घरी निघालेल्या बायकांना थांबवून म्हणतात, “जरा तुमच्या भाषेत काहीतरी बोलून दाखवा ना.” मासळी विकणाऱ्या बाईला चार माणसांनी घेरून असे म्हटलेले मी स्वतः पाहिले आहे. तिने मराठीत भाव सांगितला आणि ती पुढे गेली.

अवशेष एका दिवसात दाखवा, नव्हे अर्ध्या दिवसात दाखवा. माणसे दाखवू नका.

दर्यावर्दी

चर्चबेलच्या घंटा यांच्याशी सहमत. थोडी व्यावहारिक भर घालतो. गेटवेहून मांडव्याची पहिली बोट धरली तरी रेवदंड्यात पाय ठेवेपर्यंत साडेदहा-अकरा वाजतात, आणि परतीचे गणित धरले तर हाती पाच तास राहतात. त्यांत दत्ताच्या डोंगराच्या पायऱ्या, कोर्लईचा किल्ला आणि दीपगृह, वर अलिबागला कान्होजी आंग्रे यांची समाधी आणि ओहोटी असेल तर कुलाबा किल्ला, एवढे सगळे कोंबणारे आयोजक आहेत. समुद्राकडचा तट वाळूवरून नीट पाहायचा तर ओहोटी हवी, ती वेळ पंचांगात पाहून सहल ठरवावी, एवढेही कोणी करत नाही. पावसाळ्यात गेटवेच्या लाँच बंद असतात. तेव्हा भाऊच्या धक्क्यावरून रो-रो, म्हणजे गाड्याही नेणारी मोठी बोट, आहे, पण समुद्राचा रंग बघूनच ठरवावे.

खाडीपलीकडे

सगळ्यांचे वाचून माझा विरोध कमी झालेला नाही, फक्त त्याचे कारण आता मला अधिक नेमके सांगता येईल. ही बंदराची सहल असून बंदराकडे कोणी वळतच नाही. चर्च, मंदिर, सिनेगॉग, हमाम, म्हणजे सगळ्या इमारती. पण शहर इथेच का झाले याचे उत्तर एकाही इमारतीत नाही. ते कुंडलिका नदीच्या मुखाशी आहे. दक्षिणेला कोर्लईचे भूशिर समुद्रात घुसलेले, त्याच्या आड जहाजांना निवारा, आत रोह्याकडे जाणारी खाडी, आणि वर बोरघाट व नाणेघाटाने देशावर चढणाऱ्या वाटा. अरबी घोडे याच वाटांनी निजामशाहीत गेले. शहर मेले तेही तिथेच: खाडी गाळाने भरत गेली, आणि सतराव्या शतकात मुंबई वर येऊ लागल्यावर चौलचे रेशीम विणणारे कारागीरसुद्धा तिकडे जाऊन वसले. आज मुंबईहून चौल पाहायला येणारे लोक, ज्या शहराने चौलला संपवले त्याच शहरातून येत असतात. हे त्यांना खाडीकाठी उभे करून सांगणारा गाईड मला दाखवा, मी एका दिवसाच्या सहलीचे पैसे भरतो.

नारळीपौर्णिमा

भरा. खाडीकाठ घेऊ या आणि त्यासाठी दत्ताचा डोंगर व कोर्लई दोन्ही सोडू या. किल्ला पाहायचा तर तो खाडीच्या अलीकडूनही पुरेसा दिसतो. सिनेगॉग बाहेरून, रस्त्यावरूनच, आणि शनिवारी तेही नाही. मात्र शनिवार टाळा म्हटले की नोकरी करणाऱ्यांना रविवारच उरतो, आणि कामाच्या दिवशी जा हा सल्ला निवृत्तांनाच देता येतो. त्यामुळे रविवारी, खाडीच्या उत्तरेपुरतेच, पंधरा माणसांच्या आत, असे मी सुचवीन.

पोफळीची सावली

पंधरा चालतील. आदल्या दिवशी निरोप द्या, म्हणजे सुपारी उचलून ठेवतो. जेवण इथेच घ्या. आणि गावातल्या ज्या पोराला हा तट लहानपणापासून पाठ आहे त्याला गाईडचे पैसे द्या, नुसता चहा नको.

चर्चबेलच्या घंटा

खाडीच्या उत्तरेपुरतेच, हे सहलीच्या जाहिरातीतही लिहा. नाहीतर पूल समोर दिसला की कोणीतरी म्हणतेच, “आलोच आहोत तर पलीकडेही जाऊन येऊ.”