बाबा फयानमध्ये गेले ते सापडलेच नाहीत, आता वारस नोंद करायचीय, आईला कसं सांगू?

खाडीपलीकडची:
नमस्कार. इथे नेहमी नुसती वाचते, आज लिहितेय कारण घरात बोलायला कोणी नाही. मी देवगड आणि मालवणच्या मधल्या एका गावातली, सध्या नोकरीला कुडाळला. बाबा दुसऱ्याच्या ट्रॉलरवर खलाशी होते, आमची स्वतःची होडी कधीच नव्हती. ११ नोव्हेंबर २००९ ला फयान वादळ आलं तेव्हा ते बाहेर होते. ट्रॉलर सापडला नाही, त्यावरचं कोणीच सापडलं नाही. मी तेव्हा आठवीत आणि भाऊ पाचवीत होता.

आईने कुंकू पुसलं नाही, मंगळसूत्र काढलं नाही. पहिलं वर्षभर नातेवाईक काय काय बोलले, मग आजीनेच (म्हणजे बाबांच्या आईने) सगळ्यांना सांगितलं, "दर्यान नेल्यान, दर्योच हाडून देतलो, तिका कोणी काय बोला नकात." तिथे विषय संपला. आता आजीही गेली. बाबांचं दिवसकार्य काहीच झालेलं नाही, म्हाळाला (पितृपक्षात) आजोबांचं पान वाढतात, बाबांचं नाही. नारळी पुनवेला आई बंदरावर जाते, इतर सवाशिणींबरोबर उभी राहून नारळ सोडते आणि आजवर गावातल्या एकाही बाईने तिला जरा बाजूला हो म्हटलेलं नाही, हे मला इथे लिहायलाच हवं, कारण गाव वाईट असं सगळीकडे वाचते तेव्हा मला पहिलं हेच आठवतं.

अडचण अशी की घर आणि घराखालची जमीन दोन्ही बाबांच्या नावावर. २०२१ च्या तौक्ते वादळात मागच्या पडवीचं छप्पर उडालं, तिथे अजून पत्रेच आहेत आणि पावसात आई रात्रभर बादल्या सरकवत बसते. भावाला घर नीट बांधायचंय, पुढच्या वर्षी लग्नाचंही चाललंय, पण कर्जाला गेलो की विचारतात सातबाऱ्यावरचा माणूस कुठे आहे, आणि वारस नोंद करायला गेलो की मृत्यूचा दाखला आणा म्हणतात. मुंबईचे काका म्हणतात कोर्टात जा, सात वर्षं कधीच होऊन गेली. पण त्यात आईची सही लागणार. भाऊ म्हणतो सही घेऊन टाकू, कशाची आहे ते सांगायची गरज नाही, घराच्या कर्जाची म्हणू. मला ते अजिबात पटत नाहीये पण दुसरं काय करायचं तेही सुचत नाही. कोर्टाचं नक्की काय असतं ते कोणाला माहीत असेल तर सांगा आणि ज्यांच्या घरातलं माणूस असं दर्यात राहिलंय त्यांनी तुमच्याकडे काय केलं तेही लिहा प्लीज.

कचेरीतला_कणकवलीकर:
ताई, मी वकिलांकडे कारकून आहे, अशी प्रकरणं बघितली आहेत म्हणून लिहितो. सात वर्षांचं काका बरोबर सांगतायत. आधी पुरावा कायद्याचं कलम १०८ होतं, १ जुलै २०२४ पासून भारतीय साक्ष्य अधिनियम लागू झाला त्यात तेच कलम १११ आहे. ज्यांना माणसाची खबर लागणं साहजिक होतं अशांना सात वर्षं काहीच खबर नसेल तर तो जिवंत आहे हे दाखवायची जबाबदारी तसं म्हणणाऱ्यावर जाते. तुम्ही दिवाणी कोर्टात घोषणेचा दावा (म्हणजे माणूस मयत आहे असं कोर्टाने जाहीर करावं असा) लावायचा, पेपरात जाहीर नोटीस निघते, साक्षी होतात, हुकूम झाला की तो घेऊन जन्म-मृत्यू नोंदीला जायचं आणि मग फेरफार, म्हणजे सातबाऱ्यावर वारसांची नावं लावणं.

एक गोष्ट मात्र नीट समजून घ्या. कोर्ट माणूस मयत धरतं, पण तो अमुक तारखेला गेला असं आपोआप धरत नाही, तारीख पुराव्याने दाखवावी लागते. तुमच्याकडे तारखेला महत्त्व आहे कारण २००९ ला आजी हयात होती. मृत्यूपत्र नसेल तर हिंदू वारसा कायद्यात बायको, मुलगा, मुलगी आणि आई हे सगळे पहिल्या वर्गाचे वारस, म्हणजे २००९ धरलं तर आजीचा हिस्सा बसतो आणि आजीच्या पश्चात त्या हिश्श्यात काकांचंही नाव येतं. काका चांगले असतील, मी काही म्हणत नाही, पण ते हक्कसोड करणार आहेत का हे दाव्याआधी समोरासमोर बसून बोला, नंतर भावकीत तोंडं फिरतात. तेव्हाची पोलिसातली बेपत्ता नोंद, ट्रॉलर बाहेर गेल्याची बंदरावरची नोंद, खलाशी म्हणून काही ओळखपत्र, जे असेल ते शोधा.

आणि आईला न सांगता सही घेऊ नका. साक्षीला उभं राहायची वेळ तिच्यावरच येणार आहे, तिथे वकील पहिला प्रश्न विचारेल, तुमचे पती कुठे आहेत?

मालवणची_आतये:
बाय, वाचून हातातलं काम ठेवलं. माझी सख्खी आत्या अशीच होती. तिचा घोव गेला तेव्हा आमच्याकडे रापण (सगळ्यांनी मिळून किनाऱ्यावर ओढायचं मोठं जाळं) जोरात होती, यांत्रिक होड्यांच्या पर्ससीन जाळ्यांनी अजून किनारा धुतला नव्हता. रापणीला आमच्याकडे नियम असा की दोरीला हात लावला त्याला वाटा. ओढून झालं की वाळूत ओळीने मासळीचे ढीग घालायचे, जाळ्याचा वेगळा, होडीचा वेगळा आणि मग माणसांचे. आत्याचा घोव गेला त्यानंतरच्या पहिल्या ओढीला जो जाणता वाटे घालत होता त्याने काही न बोलता त्याच्या नावाचा ढीग घातला, नेहमीच्या जागी, आणि कोणीतरी पोराच्या हाती पाटी देऊन घरी पाठवली. त्यात कधी पाटीभर तारली, कधी चारच बांगडे, पण वाटा चुकला नाही. आत्याचा मुलगा दोरी धरण्याएवढा झाला तोपर्यंत हे चाललं, मग तोच त्या जागी उभा राहिला. कोणी याचा ठराव केला नव्हता आणि आत्याला कोणी उपकार म्हणून ऐकवलं नाही. तुझ्या आईला सवाशिणीत उभं राहू देणारी गावातली माणसं आहेत ना, ती याच जातीची माणसं, त्यांना धरून राहा.

आता कागदाचं. आत्याच्या घरातही हाच घोळ झाला, पोरांनी ठरवलं की म्हातारीला कळू द्यायचं नाही. तिला कळलंच. ती रडली नाही, ओरडलीही नाही. फक्त म्हणाली, "लिवा काय लिवचा ता, पण माका इचारून लिवा." मग तिला सगळं वाचून दाखवलं, तिने दोनदा ऐकून घेतलं आणि अंगठा दिला. त्यानंतरही ती कुंकू लावतच होती, मरेपर्यंत. सरकारी कागद सातबाऱ्यासाठी असतो, तो कपाळावर चिकटवायचा नसतो. ज्या बाईने दोन पोरं घेऊन एवढी वर्षं घर चालवलं तिला कागद झेपणार नाही असं तुझ्या भावाने धरू नये, त्याला हे माझ्या नावाने सांग.

दशावतारी:
मला वेगळं वाटतं, राग मानू नका. कागद करा पण विधीही करा. देह मिळाला नाही तर दर्भाची प्रतिमा करून तिला अग्नी देतात, शास्त्रात सोय आहे. बारा वर्षं वाट बघायची असं आमचे आजोबा सांगायचे, तीही झाली. तेही नको असेल तर निदान सर्वपित्रीला पान ठेवा, ज्यांची तिथी माहीत नाही त्यांच्यासाठीच तो दिवस आहे. माणूस मधे अडकून राहू नये एवढंच.

खाडीवाला_रत्नागिरी:
दशावतारी भाऊ, तुमचा हेतू चांगला आहे पण बाईच्या मनाविरुद्ध करू नका. आमच्याकडे गायबाना जनाज्याची नमाज असते, मय्यत समोर नसली तरी पढतात, आम्ही कोकणी मुसलमान शाफई पंथाचे, आमच्यात ती चालते. माझ्या मामूंसाठी मोहल्ल्यात पढली तेव्हा नानी घरात बसून राहिली, ती काहीच बोलली नाही आणि कोणी तिला बोलवायलाही गेलं नाही. मोहल्ल्याने आपलं केलं, नानीला तिचं करू दिलं. नंतर कित्येक वर्षं ती ईदेला मामूंचा कुर्ता धुऊन इस्त्री करून ठेवायची आणि मामीने तिला एकदाही अडवलं नाही. दोन्ही एका घरात राहू शकतं, आमच्याकडे राहिलं.

अलिबागचा_नातू:
उशिरा वाचलं. माझे पणजोबा रामदास बोटीत होते. १७ जुलै १९४७, गटारी अमावस्या, भाऊच्या धक्क्यावरून रेवसला निघालेली बोट काश्याच्या खडकाजवळ कलंडली, सहाशेच्या वर माणसं गेली. रेवसच्या कोळ्यांनी मचवे घालून कितीतरी लोकांना वाचवलं म्हणून पणजी कायम आशेवर, की कुठल्यातरी मचव्यात असतील, कुठेतरी लागले असतील. आजोबांच्या लग्नपत्रिकेत पणजोबांच्या नावाआधी कै. नाहीये, पणजीने छापूच दिलं नाही. ती पत्रिका अजून घरात आहे. भावाच्या लग्नात हा प्रश्न तुमच्याकडे येणारच, पत्रिका छापायला देण्याआधी आईला विचारून घ्या, ऐन वेळी नको.

पण कागदाकडे त्या पिढीने बघितलंच नाही. जमीन पणजोबांच्याच नावावर पडून राहिली, आजोबा गेले, त्यांचे भाऊ गेले, आत्या आणि चुलत आत्यांची पोरं, आता वारसांची यादी सांगायची तर एका बैठकीत होत नाही, अर्धे लोक एकमेकांना ओळखत नाहीत आणि घर तिकडे पडायला आलंय. तुमच्याकडे आज तीन-चार सह्यांत होणारं काम आहे. ते आजच करा, तुमच्या नातवंडांवर टाकू नका.

खाडीपलीकडची:
सगळ्यांचे मनापासून आभार, आतये तुमचं तर भावाला तसंच्या तसं वाचून दाखवलं, तो गप्प झाला आणि मग म्हणाला तूच बोल तिच्याशी. रविवारी घरी गेले होते. आई वाल सोलत होती तिथेच शेजारी बसून सगळं सांगितलं, कोर्ट, पेपरातली नोटीस, साक्ष, काहीच लपवलं नाही. ती ऐकत राहिली आणि सोलतही राहिली. मग उठून आतली ट्रंक उघडली, तळातून प्लास्टिकची पिशवी काढली. त्यात बेपत्ता नोंदीची कॉपी, बाबांचं खलाशाचं ओळखपत्र, मदतीसाठी त्या वेळी भरलेले फॉर्म, सगळं तारखेप्रमाणे लावलेलं. हे सगळं तिच्याकडे होतं आणि आम्हा दोघांना पत्ताच नव्हता. म्हणाली, "सय करतंय. पण कुकू माझ्या कपाळार ऱ्हवतला." मी हो म्हटलं. दशावतारीदादा, पानाचंही विचारलं, ती नको म्हणाली, तर ते आता नाही. पत्रिकेचं मात्र तिने स्वतःच काढलं, बाबांचं नाव नेहमीसारखंच छापायचं म्हणाली.

काकांशी फोनवर बोलले, ते गणपतीला येतायत तेव्हा हक्कसोडीचं बसून ठरवू म्हणाले. कणकवलीकर दादा, दावा देवगडला लावता येईल ना, की जिल्ह्याच्या कोर्टात ओरोसला जावं लागेल? आईला गाडी लागते, लांबचा प्रवास तिला जमत नाही. आणि बेपत्ता नोंदीची कॉपी पार पिवळी पडलीये, शिक्का नीट दिसत नाही, ती चालेल का?

कचेरीतला_कणकवलीकर:
घर देवगड तालुक्यात असेल तर देवगडच्या दिवाणी कोर्टात चौकशी करा, शक्यतो तिथेच होईल. जुनी कॉपी जपून ठेवा आणि पोलीस स्टेशनला अर्ज करून नवीन सहीशिक्क्याची नक्कल मागा, अर्जावर बेपत्ता नोंदीचा नंबर टाका म्हणजे जुनं रजिस्टर शोधायला त्यांना सोपं जाईल. मूळ ओळखपत्र कोणाच्या हातात देऊ नका, झेरॉक्सच द्या. आणि हा अर्ज गणपतीच्या आधी टाका, नंतर तिथे कोणी जागेवर भेटत नाही.