आनंद पटवर्धन : माहितीपट की प्रचारपट?

कट्टेकरी
काल पटवर्धनांचा 'राम के नाम' (१९९२), अयोध्येतल्या राममंदिर आंदोलनावरचा माहितीपट, पुन्हा पाहिला. माणूस धाडसी, यात वादच नाही. पण पटवर्धन प्रश्न विचारतात तेव्हा उत्तर काय यायला हवं हे त्यांचं आधीच ठरलेलं असतं. मंदिरवाल्या पोरांना रामजन्म नेमका कधी झाला विचारायचं, ती गडबडली की आपण हसायचं. हसणारे कोण? आधीपासून त्यांच्याच बाजूचे. त्या पोरांसारखा विचार करणारा दहाव्या मिनिटाला उठून जातो. मग उपयोग काय?

उगाच_एक
+१. त्यात वर निवेदनही त्यांचंच.

सावित्री_ठाणे
त्याच सिनेमात पुजारी लालदास आहेत हे सोयीस्कर विसरलात. कोर्टाने नेमलेला, अयोध्येतला पुजारी कॅमेऱ्यासमोर शांतपणे सांगतो की हे सगळं मतांसाठी नि पैशांसाठी चाललंय. १९९३ मध्ये त्यांचा खून झाला. त्यांचं बोलणं आज ऐकता येतं, ते कोणामुळे? आणि नुसत्या प्रचारासाठी कोण एवढी कोर्टकचेरी करतं? 'राम के नाम' दूरदर्शनवर यावा म्हणून हा माणूस कोर्टात भांडला. त्यांच्याच 'जंग और अमन' या अण्वस्त्रांवरच्या माहितीपटात सेन्सॉरने कट सांगितले, तेव्हा मुंबई उच्च न्यायालयातून एकही कट न देता सोडवून आणला.

कट्टेकरी
ताई, कोर्टात जिंकणं वेगळं, सिनेमा चांगला असणं वेगळं.

भायखळा_लोकल
मग त्यांचाच 'जय भीम कॉम्रेड' बघा. ११ जुलै १९९७, घाटकोपरचं रमाबाई नगर. बाबासाहेबांच्या पुतळ्याची विटंबना, लोक रस्त्यावर, पोलिसांचा गोळीबार, दहा ठार. चार दिवसांनी शाहीर विलास घोगरेंनी गळफास घेतला, डोक्याला आंबेडकरी चळवळीची निळी पट्टी बांधून. डाव्या चळवळीत आयुष्य घालवलेला माणूस! हेच घोगरे पटवर्धनांच्या १९८५च्या 'हमारा शहर'मध्ये, मुंबईतल्या झोपडपट्टीवाल्यांवरच्या माहितीपटात, गायले होते. त्यांच्या मरणापासून पुढे १४ वर्षं हा सिनेमा चालला. कोर्टाच्या तारखा, निवडणुका, कबीर कला मंच या पुण्यातल्या शाहिरी पथकाची पोरं, सगळं त्यात येतं. इथे निवेदन फारसं नाहीच, गोष्ट गाण्यांतून पुढे सरकते. जलसे-पोवाड्यांवर वाढलेल्याला वेगळं समजवावं लागत नाही. ठरवून ठेवलेलं उत्तर शोधायला कोणी १४ वर्षं घालवतं का?

उगाच_एक
लांबलाय मात्र. अर्धा तास सहज निघाला असता.

कोरा_कागद
माझा आक्षेप वेगळा. वस्तीतल्या माणसाचं दुःख टिपणार बाहेरचा, बक्षिसं घेणारही तोच.

सावित्री_ठाणे
हे 'हमारा शहर'मध्येच एक बाई त्यांच्या तोंडावर सुनावते. गरिबांचे फोटो काढून तुम्ही नाव कमावणार, आमचं काय? तो तुकडा त्यांनी कापला नाही.

कोरा_कागद
नाही कापला, मान्य. पण ठेवल्याने बाईला उत्तर मिळालं का? उलट दिग्दर्शक किती प्रामाणिक म्हणून आपणच टाळ्या वाजवल्या.