मदत हवी आहे: काउंटर-स्ट्राइक २ चा मॅप कॅज्युअलवरून डेथमॅचवर कायमचा कसा न्यायचा?

मंडळी, खानापूरहून लिहायलोय. काउंटर-स्ट्राइक २ या गोळीबाराच्या गेमसाठी हॅमर एडिटरमध्ये (मॅप बनवायचं टूल) बेळगावच्या किल्ल्याचा मॅप करतोय. खंदक, दरवाजा, कमल बस्ती (किल्ल्यातलं जैन देऊळ) उभी केली (दुरून बघितली तर बस्तीच वाटते!). पण एडिटरमधून चालवला की दर वेळी कॅज्युअलच (फेऱ्याफेऱ्यांचा साधा मोड) सुरू. मला डेथमॅच (मेलं की लगेच परत खेळात, तो मोड) पाहिजे. कन्सोलमध्ये (कमांड टाइप करायची खिडकी) गेम टाइप १ आणि गेम मोड २ दिलं, ढिम्म हललं नाही. मॅप परत लोड केल्यावर मात्र बदललं. आता दहादा बिल्ड, दहादा तेच टायपिंग! वैताग आलाय. हे आकडे लाँच ऑप्शनमध्ये (गेम सुरू करतानाच्या सेटिंग) टाकायचे की वेगळ्या कॉन्फिग फाइलमध्ये? आणि डेथमॅचचे स्पॉन पॉइंट (खेळाडू जिथं उतरतात त्या जागा) वेगळे ठेवायचे काय? कुणी केलं असेल तर सांगा की.