अनुभव धागा: घरी पडदे शिवताना कापड किती घेतलंत?

दिवाळी जवळ आली की नाशिकच्या मेन रोडच्या दुकानांत ताका उलगडून विचारतात, "ताई, किती फाडू?" त्या घाईत सांगितलेलं माप महागात पडतं. तुमचे अनुभव आकड्यांसकट लिहा. माझा आधी सांगते.

खिडकी पाच फुटी, पडदे दोन, उंची सात फूट. या हिशेबाने पाच मीटर आणलं आणि लावल्यावर चुण्याच पडेनात. पुढच्या खेपेला खिडकीऐवजी रॉड मोजला: 72 इंच. चुण्यांसाठी त्याच्या दुप्पट, 144. कापडाचा पन्हा, म्हणजे रुंदी, 48 इंच, म्हणजे तीन पन्हे. उंची 84 अधिक वरखाली दुमडायला 10, असे 94 इंच. तीनदा 94 म्हणजे 282 इंच. सव्वासात मीटर घेतलं. एक पन्हा उभा मधोमध कापून त्याचा अर्धा अर्धा भाग दोन्ही पडद्यांना जोडला. आता सकाळी पडदा सारला की चुण्या नीट पडतात, बघत राहावंसं वाटतं. पन्हा विचारल्याशिवाय मीटर सांगू नका, हे मी प्रत्येकीला सांगते.

इंदिरानगरहून
मोठ्या फुलांचं कापड होतं. नक्षी दर 25 इंचांनी परत येणारी. मला 60 इंचांचे चार तुकडे हवे होते, म्हणून 240 इंच धरून सव्वासहा मीटर आणलं. पण शेजारच्या पडद्यांवर फुलं एका रेषेत यायची तर प्रत्येक तुकडा 25 च्या पटीत, म्हणजे 75 इंचांवर कापावा लागतो. एकूण 300 इंच, पावणेआठ मीटर. परत गेले तेव्हा तो ताका संपला होता. फार वाईट वाटलं. चौथा पडदा साध्या कापडाचा केला.

सिडकोतून
मालेगावचं सुती कापड स्वस्त आणि छान मिळालं. न भिजवता शिवलं. पहिल्या धुण्यात साडेसात फुटी पडदा साडेतीन इंच आटला, खालून फरशी दिसायला लागली. आता कोरं कापड रात्रभर पाण्यात, मग वाळवून, इस्त्री करून मगच कात्री. सुतीला मीटरमागे दोन इंच जास्तच धरते.

पंचवटीहून
आईच्या सुती साड्यांचे पडदे केलेत. साडेपाच मीटरच्या साडीत चार फुटी उंचीचे तीन तुकडे निघतात, दुमडीसकट 58 इंचांचे. उरलेल्या मीटरभर कापडातून बांधायचे पट्टे. काठ उभा येतो, तो आतल्या कडेला ठेवला. दुपारच्या उन्हात तो जांभळा काठ उजळतो, तेव्हा आई घरात असल्यासारखं वाटतं.

गंगापूर रोडहून
रिंगांचे पडदे असतील तर प्रत्येकात रिंगा सम संख्येत, म्हणजे दोन्ही कडा भिंतीकडे वळतात. मी आठ लावते. आणि ताई, पश्चिमेच्या खिडकीला अस्तर हवंच. ते मूळ पडद्यापेक्षा इंचभर आखूड कापायचं, पण त्याचाही पन्हा वेगळा विचारा. माझ्या अस्तराचा 44 निघाला होता.