मदत हवी आहे: रिपोर्ट 'नॉर्मल' आला, आता दादाला काय सांगू?

नमस्कार मंडळी. एरवी मी पाककृतींच्या धाग्यांवर असते, आज विषय वेगळा आहे.

मी ऐरोलीत, दादा-वहिनी कळव्यात. त्यांचं एकुलतं एक पोर १९ वर्षांचं, ठाण्यात कॉलेजला आहे. मुलगी म्हणून वाढवलं. दिवाळीनंतर त्यानं सगळ्यांसमोर सांगितलं, "मी मुलगी नाही, मुलगा आहे."

खरं तर वर्षभर आधीपासून ते घरात 'मी येतो', 'मी जेवलो' म्हणत होतं. कुणी लक्ष दिलं नाही, कारण वहिनी कागलची. तिकडच्या बायका 'मी आलो' असंच बोलतात, वहिनीही चिडली की "सांगतो तुला" वर येते. आम्हाला वाटलं, आजोळचं वळण. (मराठीत माणूस स्वतःबद्दल चार वाक्यं बोलला की त्यात लिंग येतंच, हे मला पन्नाशीत कळलं. मीसुद्धा इथे 'पोर' लिहून पळवाट काढतेय.)

दादा महाप्याला रंगाच्या कंपनीत क्यूसीमध्ये, म्हणजे मालाची गुणवत्ता तपासायला, २२ वर्षं. मोजता आलं तर आहे, नाही तर नाही, असा खाक्या. त्याने पोराला एका डॉक्टरांकडे नेलं. त्यांनी पोराला बाहेर बसवून दादाला सांगितलं, "लग्न उरकून टाका, संसारात पडली की विसरेल." हे दादालाही पटलं नाही, एवढं बरं. मग हार्मोन्स, सोनोग्राफी, कॅरिओटाइप (गुणसूत्रांची तपासणी). रिपोर्ट आला: ४६, एक्सएक्स, म्हणजे बायकांची नेहमीची गुणसूत्रं. बाकी आकडेही रेंजमध्ये. दादाने कागद टेबलावर ठेवला आणि म्हणाला, "बॅच पास आहे. विषय संपला." पोर दोन दिवस धड जेवलं नाही.

मी वाचतेय. जागतिक आरोग्य संघटनेने २०१९ साली मंजूर केलेल्या आयसीडी-११ या आजारांच्या यादीत हे (जन्मतः ठरवलेलं लिंग आणि आतली जाणीव न जुळणं, अशा माणसांना पारलिंगी म्हणतात) मानसिक आजारांतून काढून लैंगिक आरोग्याच्या प्रकरणात टाकलं आणि ती यादी जानेवारी २०२२ पासून लागू आहे, इथवर समजलं. पण हे होतं कशामुळे? एक लेख म्हणतो मेंदू, दुसरा जनुकं, तिसरा म्हणतो इंटरनेटचं खूळ. आणि रिपोर्ट नॉर्मल आला याचा अर्थ नेमका काय?

कृपया 'स्वीकारा' असा उपदेश नको. मी स्वीकारलंय. आपलं लिंग आपण ठरवण्याचा हक्क मानणारा २०१४ चा सुप्रीम कोर्टाचा निकालही माहीत आहे. क्यूसीवाल्या माणसासमोर काय मांडू, ते सांगा.

सूक्ष्मदर्शी: ताई, मी लॅबमध्येच आयुष्य काढलं. कॅरिओटाइपमध्ये गुणसूत्रं किती आणि कशी, एवढंच दिसतं. पारलिंगी व्यक्तींचे हे रिपोर्ट बहुधा नॉर्मलच येतात. टेस्ट चुकलेली नाही, दादांनी तिला भलताच प्रश्न विचारला. शरीराच्या जडणघडणीत जन्मतः वेगळेपण आहे का, ते या तपासण्यांतून कळतं. आपण कोण आहोत ही आतली जाणीव त्यांत दिसत नाही.

उलट बाजूने बघा. धावपटू दुती चंदला २०१४ मध्ये टेस्टोस्टेरॉन जास्त म्हणून स्पर्धेतून बाहेर ठेवलं. ती लढली, २०१५ मध्ये क्रीडा लवादाने तो नियम स्थगित केला. हार्मोनचा आकडा काहीही असो, आपण बाई आहोत याबद्दल तिला स्वतःला कधी शंका होती का? काही जणींची गुणसूत्रं तर एक्सवाय असतात, पण शरीर टेस्टोस्टेरॉनला दादच देत नाही. त्या मुली म्हणून जन्मतात, वाढतात, आणि पाळी का येत नाही म्हणून सोळाव्या वर्षी तपासणीला येतात तेव्हा उलगडा होतो. त्यांतल्या बहुतेक स्वतःला बाईच मानतात.

खडूस ठाणेकर: आमच्या वेळी असलं काही नव्हतं. मोबाइल काढून घ्या.

पाणिनीचा शेजारी: @खडूस, १९१९ साली बर्लिनमध्ये मॅग्नस हिर्शफेल्ड यांनी याच विषयाची संस्था काढली होती, नाझींनी १९३३ साली तिची पुस्तकं जाळली. तेव्हा मोबाइल कुणाकडे होता?

धागाकर्त्या ताई, कारण विचाराल तर एकच एक सापडलेलं नाही. अंदाज असा: जननेंद्रियं गर्भात पहिल्या तीन महिन्यांत घडतात, मेंदूवर हार्मोन्सचा परिणाम बराचसा नंतर होतो, त्यामुळे दोन्हींची दिशा वेगळी होऊ शकते. १९९५ मध्ये नेदरलँड्सच्या संशोधकांनी सहा पारलिंगी स्त्रियांचे (मुलगे म्हणून जन्मलेल्या, पण स्वतःला बाई मानणाऱ्या) मेंदू मृत्यूनंतर तपासले. एक बारीकसा भाग इतर स्त्रियांसारखा निघाला. मोठी बातमी झाली, पण मेंदू सहाच, आणि त्या हार्मोन्स घेतलेल्या. शिवाय त्या भागातला स्त्री-पुरुष फरक मोठेपणीच दिसतो, असं पुढे आढळलं. म्हणजे निदानाला निरुपयोगी.

संगोपनाने ठरतं म्हणावं, तर कॅनडाचा डेव्हिड रायमर. जन्म १९६५. तान्हेपणी शस्त्रक्रियेत लिंगाला इजा झाली, जॉन मनी या मानसशास्त्रज्ञाच्या सल्ल्याने मुलगी म्हणून वाढवला. चौदाव्या वर्षी खरं कळलं आणि तो मुलगा म्हणून जगू लागला. मात्र हीच एक केस ठोकू नका. जवळपास तशीच दुसरी केस १९९८ मध्ये प्रसिद्ध झाली, ती व्यक्ती बाई म्हणूनच राहिली.

ब्रश आणि बादली: मीही रंगातला, म्हणून दादांच्या भाषेत. फोर्ड कपातून रंग किती सेकंदांत वाहतो ते कळतं. शेड कळते का? त्यासाठी पॅनलवर रंग ओढून उजेडात धरावा लागतो. व्हिस्कोसिटी (दाटपणा) पास म्हणून शेड पास, असं दादा कधी म्हणतील का?

आणि त्या 'लग्न उरका'वाल्या डॉक्टरांबद्दल. असा कल 'बदलण्याचे' उपचार करणं हे व्यावसायिक गैरवर्तन आहे, असं राष्ट्रीय वैद्यकीय आयोगाने २०२२ मध्येच राज्यांच्या वैद्यकीय परिषदांना कळवलंय, मद्रास उच्च न्यायालयाच्या आदेशानंतर. लग्नाचा सल्ला त्याच वाटेवरचा. पोर जेवत नसेल तर आधी ते बघा. टेलिमानस ही सरकारी मानसिक आरोग्य हेल्पलाइन, १४४१६, मराठीत बोलता येतं.

खडूस ठाणेकर: मग इंग्लंडने अशा मुलांच्या औषधोपचारांत का हात आखडता घेतला?

सूक्ष्मदर्शी: रास्त प्रश्न. इंग्लंडच्या आरोग्यसेवेसाठी डॉ. हिलरी कॅस यांनी केलेल्या २०२४ च्या अहवालात म्हटलंय की वयात येणं थांबवणाऱ्या औषधांचा पुरावा कमकुवत आहे. तो मुलांच्या आणि किशोरवयीनांच्या उपचारांबद्दल आहे. इथे १९ वर्षांची सज्ञान व्यक्ती आहे, आणि औषधांची गोष्ट अजून कुणी काढलेलीही नाही. अशी माणसं असतात की नाही, हा त्या अहवालाचा विषयच नव्हता.

धागाकर्ती: सगळ्यांचे आभार, खडूसरावांचेही. १४४१६ वर भाचा स्वतः बोलला, अर्धा तास. काल कढी-खिचडी दोनदा मागून घेतली.

फोर्ड कप दादाला वाचून दाखवला. बराच वेळ गप्प. मग म्हणाला, "शेड मॅच करायला स्टँडर्ड पॅनल लागतं. इथे स्टँडर्ड कुठलं?" मी म्हटलं, त्यालाच विचार. त्यावर उठून गच्चीत गेला.

सोमवारी वाशीला एका मानसोपचारतज्ज्ञांची वेळ मिळाली आहे. दादा येतोय. प्रश्न वहीत लिहून काढलेत, सतरा झाले. पहिला: 'या निदानात चूक होण्याचं प्रमाण किती?' याचं उत्तर कुणाला माहीत असेल तर सोमवारच्या आत लिहा, प्लीज.