अ‍ॅन ब्राँटेवर शार्लटने अन्याय केला का?

चर्चाप्रस्ताव
अ‍ॅन ब्राँटे ही इंग्रज कादंबरीकार २८ मे १८४९ रोजी इंग्लंडमधील स्कारबरो येथे क्षयाने वारली, तेव्हा ती अवघी २९ वर्षांची होती. आदल्या वर्षी प्रसिद्ध झालेल्या 'द टेनंट ऑफ वाइल्डफेल हॉल' या तिच्या कादंबरीतली हेलन व्यसनी नवऱ्याला सोडून लहान मुलासह निघून जाते आणि चित्रे विकून गुजराण करते. विवाहित स्त्रीच्या कमाईवरही कायद्याने नवऱ्याचीच मालकी होती आणि मुलावर पहिला हक्क बापाचा होता, त्या काळात हे लिहायला केवढे धैर्य लागले असेल! तरीही १८५० मध्ये धाकट्या बहिणींची पुस्तके पुन्हा काढताना तिची थोरली बहीण, कादंबरीकार शार्लट हिने हीच कादंबरी वगळली, कारण तिच्या मते विषयाची निवडच चुकली होती. अ‍ॅन शतकभर दुय्यम गणली गेली, त्याचे मूळ मला या निर्णयात दिसते.

प्रतिसाद १
हा निवाडा मला फार कठोर वाटतो. सप्टेंबर १८४८ पासून जेमतेम आठ महिन्यांत ब्रॅनवेल, एमिली आणि अ‍ॅन अशी तीन भावंडे शार्लटने गमावली होती. ब्रॅनवेल दारू आणि अफूच्या आहारी गेलेला होता, त्यामुळे त्या कादंबरीचे प्रत्येक पान तिला घरातल्या जखमेसारखे वाटले असणार. शिवाय समीक्षक या बहिणींच्या लेखनाला असभ्य म्हणत होते. साहित्य हा स्त्रीच्या आयुष्याचा व्यवसाय होऊ शकत नाही, असे राजकवी रॉबर्ट साउदी यांनी १८३७ मध्ये तिला स्वतःलाच लिहिले होते. दिवंगत बहिणीची अब्रू जपण्याची तिची धडपड आपण समजून घ्यायला हवी.

प्रस्तावकाचे उत्तर
तिचे दुःख मी नाकारत नाही. परंतु अ‍ॅनने दुसऱ्या आवृत्तीच्या प्रस्तावनेत टीकाकारांना स्वतःच उत्तर दिले होते: आपल्याला सत्य सांगायचे आहे, आणि पुरुषाने लिहिल्यास जे चालते ते स्त्रीने लिहिल्यास निंद्य का ठरावे? इतक्या स्पष्टपणे बोललेल्या लेखिकेची अब्रू तिचेच पुस्तक बाजूला ठेवून कशी जपली जाते?

प्रतिसाद २
दोघांच्याही बोलण्यातून प्रकाशक सुटले आहेत. १८५४ मध्ये, शार्लट हयात असतानाच, निघालेल्या स्वस्त आवृत्तीत कादंबरीच्या निवेदकाचे आरंभीचे पत्रच गाळले गेले आणि पुढे दीर्घकाळ तीच खंडित संहिता छापली जात राहिली. अनेक वाचकांनी अ‍ॅनची कादंबरी म्हणून जे वाचले, ते मुळात अपुरे होते.

प्रतिसाद १
हा मुद्दा मला मान्य आहे. १८५० मध्ये शार्लटने 'अ‍ॅग्नेस ग्रे' या अ‍ॅनच्या पहिल्या कादंबरीबरोबर हीही कादंबरी नीट छापून घेतली असती, तर निदान एक विश्वासार्ह प्रत वाचकांच्या हाती राहिली असती. तिच्या हेतूवर मात्र मी अजूनही संशय घेणार नाही.